रंग बाहेर, गळती आत

पणजीतल्या फोंताईन्हास या आळीतल्या घरांना पावसाळा सरला की रंग लागतो. पोर्तुगीज अमलात तसा नियमच होता, दरवर्षी रंग काढायचा आणि पांढरा तेवढा चर्चला सोडायचा, असं पणजीतली जुनी माणसं सांगतात. ते राज्य १९६१ च्या डिसेंबरात गेलं. रंगाची सवय राहिली. एक घर निळं, त्याला खेटून गेरूच्या रंगाचं, पुढचं पिवळं, खिडक्यांच्या कडा पांढऱ्या, वर मंगळुरी कौलं, आणि मधला रस्ता असा की समोरून गाडी आली तर चालणाऱ्यानं कुणाच्या तरी पायरीवर चढावं. हल्ली सकाळी या रस्त्यावर दोन प्रकारचे पाहुणे दिसतात. काही जण गाईडच्या मागून, माना वर करून, ऐकत चालतात. बाकीचे कुणाच्या तरी दारासमोर उभे राहून फोटो काढून घेतात, ओढणी बदलतात, पुन्हा फोटो काढून घेतात. तिथे राहणाऱ्याच्या दृष्टीनं या दोघांत काही फरक आहे का, यावर एका घरात मी वाद ऐकला.

वाद मावशी आणि भाचीचा. मावशी सत्तरी ओलांडलेली, मराठी शाळेत इतिहास शिकवून निवृत्त झालेली, लग्न होऊन या आळीत आलेली. घर भाड्याचं, तेही सासऱ्यांच्या काळापासून. भाची शेजारच्या मळा या वस्तीत राहते, आर्किटेक्चर शिकली आहे आणि आठवड्यातले काही दिवस सकाळी लोकांना फोंताईन्हास पायी दाखवते. नावं देत नाही; पणजी लहान आहे. दोघींची मराठी गोव्याची आहे, मी ती फारशी सरळ केलेली नाही.

मावशी: काल तुझी माणसं माझ्या खिडकीखाली उभी होती. मी वर केस विंचरत होते. खालून एक बाई म्हणाली, "इथे अजून कुणी राहतं?"

भाची: विचारलं तिनं. त्यात वाईट काय?

मावशी: वाईट काही नाही गो. पण शनिवारवाड्यात उभं राहून विचारण्याचा प्रश्न तिनं मी खिडकीत असताना विचारला.

भाची: मग मी सांगितलं ना, राहतात, माझी मावशीच राहते म्हणून. सगळ्यांनी वर बघून हात हलवले. तू खिडकी लावून घेतलीस.

मावशी: केस विंचरून व्हायचे होते.

भाची: तुझा राग खरं तर फोटोवाल्यांवर आहे आणि तो तू माझ्यावर काढतेस. लग्नाआधीचं शूटिंग करणारे माझे नव्हेत. कपड्यांची बॅग घेऊन येणारे, ड्रोन उडवणारे, माझे नव्हेत. लोकांनी दारांवर 'शूटिंगला मनाई' म्हणून पाट्या लावल्या त्या त्यांच्यासाठी.

मावशी: पाटी वाचून आत कोण राहतं ते कळत नाही आणि बाहेर कोण उभं आहे तेही कळत नाही. परवा समोर एक मुलगी पायरीवर बसली. तिच्याबरोबरच्या मुलानं तिथली सायकल उचलून पलीकडे नेऊन ठेवली, फोटोत येत होती म्हणून. सायकल त्या घरच्या नातवाची. पोर शाळेला निघालं तर सायकल नाही.

भाची: बघ! तेच मी सांगते. त्यांना सायकल नको असते. मी माझ्या लोकांना ती सायकलच दाखवते, इथे मुलं राहतात, शाळेला जातात म्हणून.

मावशी: म्हणजे सायकलही प्रदर्शनात गेली.

भाचीनं यावर काही उत्तर दिलं नाही, पण मला तिची बाजू पटते. सायकल हलवणारा माणूस आणि सायकलीकडे बोट दाखवणारी बाई यांत फरक आहेच. पहिल्याला घर रिकामं हवं असतं, दुसरीला भरलेलं. मात्र पायरीच्या आत बसलेल्या माणसाला दोघांच्याही सावल्या सारख्याच दिसतात, हे मावशीचं म्हणणंही मोडून काढता येत नाही.

मावशी: बरं, तू सांगतेस तरी काय त्यांना? मी एकदा मागून येऊन ऐकणार होते. गुडघ्यामुळे राहिलं.

भाची: सुरुवात मी घरांपासून करतच नाही, खाडीपासून करते. जुनं गोवं साथींनी रिकामं होत गेलं. व्हाइसरॉय १७५९ मध्ये इकडे आदिलशहाच्या वाड्यात राहायला आला, आणि १८४३ मध्ये पणजी रीतसर राजधानी झाली. तेव्हा इथे काय होतं, तर चिखल आणि माड. मोझांबिकहून पैसा करून आलेल्या एका माणसाचं हे माडांचं भाट. लोक त्याला मोसमीकार म्हणत. आल्तिनो टेकडीच्या पायथ्याशी फेनिक्सचा झरा, त्याच्या पाण्याच्या आधारानं वस्ती वाढली.

मावशी: झऱ्यावर नेतेस?

भाची: नेते तर. तिथे कुणी फोटो काढत नाही.

मावशी: आणि ते युनेस्कोचं?

भाची: ते मी सांगत नाही. बाकीचे सांगतात, १९८४ मध्ये युनेस्कोनं फोंताईन्हासला वारसा म्हणून जाहीर केलं म्हणून. इंटरनेटवर जिथे तिथे तेच. युनेस्कोच्या यादीत जुन्या गोव्यातली चर्चेस आणि मठ आहेत, १९८६ पासून. फोंताईन्हास त्यात नाही.

मावशी: चांगलं केलंस. आणि आपल्या या रस्त्याच्या नावाचं? ३१ जानेवारी रस्ता का म्हणतात?

भाची: पोर्तुगाल स्पेनच्या ताब्यातून सुटला तो दिवस.

मावशी: तो १ डिसेंबर, १६४० सालचा. ३१ जानेवारीला पोर्तो शहरात राजाविरुद्ध बंड झालं, १८९१ मध्ये. प्रजासत्ताक आणायला निघाले होते, एका दिवसात चिरडले गेले. मग १९१० मध्ये राजेशाही खरोखरच गेली आणि त्या फसलेल्या बंडाची तारीख पोर्तुगालभर रस्त्यांना दिली गेली. तीच या रस्त्यावर आली.

भाची: पण सगळीकडे स्पेनच लिहिलंय.

मावशी: सगळीकडे लिहिलेलं असतं म्हणूनच शाळेत मास्तरणी ठेवतात.

भाचीनं ते मुकाट्यानं फोनमध्ये टिपून घेतलं. मला हे महत्त्वाचं वाटलं. पायी फेरीतला गाईड जे बोलतो ते कुणी तपासत नाही. पुस्तकातली चूक निदान पुढच्या आवृत्तीत सुधारता येते. रस्त्यात बोललेली चूक दहा जणांच्या डोक्यातून दहा गावांना जाते. स्पेनची गोष्ट सोपी आहे, स्वातंत्र्याची आहे, ऐकायला बरी वाटते. राजाविरुद्ध उठून हरलेल्या शिपायांची तारीख आपल्या दारावर का, हा प्रश्न अवघड, आणि माझ्या मते जास्त गोड.

आळीतल्याच सेंट सेबॅस्टियनच्या चॅपेलातल्या क्रुसाबद्दल मात्र दोघींचं एकमत झालं. तो क्रूस जुन्या गोव्यात इन्क्विझिशनच्या, म्हणजे धर्मचौकशीच्या, वाड्यात होता, इन्क्विझिशन १८१२ मध्ये बंद पडल्यावर पणजीत आदिलशहाच्या वाड्यात आला, आणि १९१८ मध्ये या चॅपेलात. त्यावरचा येशू मान ताठ ठेवून उघड्या डोळ्यांनी बघतो. चौकशीला आणलेल्यांच्या काळजात धडकी भरावी म्हणून तसा घडवला, असं सांगतात. तिथे लोक आपोआप गप्प होतात, भाची म्हणाली. मावशी म्हणाली, त्यांना तिथे जरा जास्त वेळ उभं कर.

मावशी: मला खुपतो तो दुसराच शब्द. तुझे ते बाकीचे गाईड मोठ्यानं ओरडतात, "वेलकम टू लिटल पोर्तुगाल". मी काय लिस्बनला राहते? चिरा इथला. तो खाणीतून काढला कुणी, रचला कुणी? इथल्याच गड्यांनी. खिडक्यांतला शिंपला इथल्या समुद्रातला. कौलं मंगळूरची. भिंतीला चुना, चुन्यात नीळ, गेरू, पिवडी. पोर्तुगाल यात शोधून दाखव.

भाची: आराखड्यात आहे, मावशी. घर रस्त्याकडे तोंड करून बसलंय त्यात आहे. तुझं माहेर आठव. फोंड्याकडचं घर. राजांगण मध्ये, तुळस मध्ये, सगळे सोपे, सगळ्या खोल्या राजांगणाकडे बघतात. रस्त्याच्या बाजूनं काय दिसतं?

मावशी: भिंत. आणि दार.

भाची: तिथून शंभर माणसं चालत नेली तरी त्यांना भिंत आणि दारच दिसणार. म्हणून तिकडे वॉक निघत नाही. घर तितकंच जुनं, कदाचित जास्तच चांगलं. पण बघायचं तर आत बोलावणं हवं. इथे बोलावणं लागत नाही. वरची बाल्कनी, मोठमोठ्या खिडक्या, रंग, सगळं बाहेरच्याला दिसावं म्हणूनच केलंय. ज्यांनी ही घरं बांधली त्यांना कुणी बघितलेलं हवंच होतं.

मावशी: हवं होतं, पण दोन्ही बाजूंनी. माझ्या सासूबाई संध्याकाळी बाल्कनीत बसत. खालून जाणाऱ्या प्रत्येकाचं नाव त्यांना ठाऊक. पोदेर पाव घेऊन आला की कुणाच्या घरी किती उंडे गेले, कुणाकडे पाहुणे आलेत, हे त्या वरून सांगत. खालचाही वर बघून विचारी, "कशी आसा?" आता खालच्याला मी दिसते आणि मला खालचा कोण ते कळत नाही. एका बाजूनंच बघणं झालं.

भाची: मग मी ओळख करून देते.

मावशी: रोज दहा नव्या माणसांची? मला माझ्या वर्गातल्या पोरांची नावं लक्षात ठेवायलाच दिवाळी उजाडायची.

इथे चहा आला, म्हणजे भाचीनं केला. तो आणल्याबरोबर तिनं कप ठेवायला स्टूल सरकवलं, तेव्हा भिंतीचा एक पोपडा खाली पडला. मावशीनं तो पायानं बाजूला केला, सरावानं. मग बोलणं भिंतींवर आलं आणि बराच वेळ तिथेच राहिलं.

भाची: बाहेरून बघ किती छान दिसतं हे घर. यंदा तर सगळ्या ओळीत उठून दिसतंय.

मावशी: दिसेल नाही तर काय. पलीकडच्या हॉटेलानं रंग काढला तेव्हा माझ्याही दर्शनी भिंतीला मारून दिला. त्यांच्या फोटोत माझी भिंत शोभत नव्हती. मी नको म्हटलं नाही, फुकट होतं. पण रंग कुठला, तर डब्यातला, चकचकीत. पाऊस आला आणि ओल सगळी आत उतरली.

भाची: चिरा पाणी पितो ना, म्हणून. चिऱ्याला सगळीकडे भोकं. त्यावर चुन्याचा गिलावा आणि चुन्याचा रंग असला तर प्यालेलं पाणी उन्हात परत बाहेर निघून जातं. भिंत श्वास घेते असं गवंडी म्हणतात. सिमेंटचा गिलावा केला, वर प्लॅस्टिकसारखा रंग दिला, की बाहेरचं तोंड बंद. मग ती ओल आतल्या बाजूनं वाट काढते, भिंतीतला खार घेऊन. हे बघ, पांढरं पांढरं फुललंय ते.

मावशी: मिठागरं म्हणते मी त्याला. घरबसल्या.

भाची: दरवर्षी रंग काढायचं हेही खरं कारण होतं. चुन्याचा रंग एका पावसात धुऊन जातो, आणि त्यानं जावं हेच बरं. दरवर्षी तो नव्यानं देणं हे भिंतीचं औषध होतं. आता लोकांना दहा वर्षं टिकणारा रंग हवा.

मावशी: हे सांगतेस तुझ्या लोकांना?

भाची: रंगाचं सांगते. ओलीचं नाही.

मावशी: का?

भाची: सुट्टीवर आलेली माणसं, मावशी. सकाळी उठून आलेली. त्यांना ओल कुठे दाखवू?

मावशी: आणि छप्पर? पूर्वी मे महिन्यात कौलं चाळायला गडी ठरलेला असे. फुटकं काढायचा, वासा ठोकून बघायचा. आता तसं वर चढणारं माणूस मिळत नाही. बाल्कनीचा वासा कुजलाय. तिथे मी खुर्ची ठेवायची बंद केली. तुझे लोक खालून जिथे बघून "वा" म्हणतात ना, तिथे मी पाय ठेवत नाही.

भाची: मग मालकाला कळव.

मावशी: कुठल्या? घर ज्यांचं, ते म्हातारे गेले. त्यांना सात मुलं. पोर्तुगीज नागरी कायदा इथे १८७० पासून आहे, अजूनही आहे. मुलगा असो की मुलगी, सगळ्यांना सारखा हिस्सा, आणि आईबापांनी मनात आणलं तरी सगळं एकालाच देता येत नाही. कायदा चांगलाच आहे हो. आमच्या महाराष्ट्रातल्या बहिणींना मुलीचा हक्क मिळायला किती दशकं लागली. पण त्यानं एका घराचे सात मालक होतात, मग त्यांची मुलं, मग एकवीस. एक लिस्बनला, दोघं इंग्लंडात स्विंडनला, एक टोरोंटोला. गोव्यात १९६१ च्या आधी जन्मलेल्यांच्या मुलाबाळांना पोर्तुगीज पासपोर्ट मिळतो, त्या वाटेनं सगळे गेले. एका वाशासाठी सगळ्यांच्या सह्या मी कुठून आणू?

भाची: आणि भाडं?

मावशी: भाडं आहे ते आहे. भाडे नियंत्रण कायदा १९६८ चा. मी ते दर महिन्याला भरते आणि ते बघून मालकाला घराला हात लावावासा वाटत नाही. त्याचंही चूक म्हणता येत नाही. तेवढ्यात एक कौलही येणार नाही. माझी मालकी नाही म्हणून मला हात लावता येत नाही. हॉटेल रंग मारतं, तू गोष्ट सांगतेस, आणि छप्पर दोघांच्याही कामाचं नाही.

मला वाटतं, वॉकबद्दलचा सगळा वाद या एका वाक्यात होता. फोंताईन्हास जपलं जातंय असं बाहेरून दिसतं, कारण रस्त्याकडची भिंत जपली जाते. रस्त्याकडची भिंतच विकली जाते ना. मागची ओसरी, कौलाखालचे वासे, वारसांची भांडणं, भाड्याच्या पावत्या यांना कुणी प्रेक्षक नाही. घर पडतं ते नेहमी मागून पडतं. पायी फेरी ही चांगली गोष्ट आहे असं मी मानतो, गाडीतून वळसा घालून जाण्यापेक्षा कितीतरी चांगली. पण ती फेरी जर फक्त दर्शनी भिंतीसमोरून गेली तर तीही हॉटेलच्या त्या रंगाचंच काम करते.

भाचीला हे कळत होतं. ती थोडी चिडलीसुद्धा.

भाची: म्हणजे काय, वॉक बंद करू? अहमदाबादला महापालिकाच हेरिटेज वॉक काढते, १९९७ पासून. कालूपूरच्या स्वामिनारायण मंदिरापासून निघून पोळांमधून, म्हणजे तिथल्या जुन्या आळ्यांमधून, जामा मशिदीपर्यंत. शहराला २०१७ मध्ये जागतिक वारशाचा दर्जा मिळाला. लोकांनी आपल्या शहराकडे आधी बघितलं, मग दर्जा आला.

मावशी: आणि पोळांमधली घरं? वाचली?

भाची: काही वाचली. काहींची गोदामं झाली.

मावशी: मग अर्धी गोष्ट झाली.

भाची: अर्धी तरी झाली! कोरियात सेऊलमध्ये बुकचोन म्हणून जुन्या घरांची आळी आहे. लाकडी घरं, कौलं, अंगण, आणि आत माणसं राहतात, तुझ्यासारखी. पाहुणे इतके वाढले की २०२५ पासून संध्याकाळी पाचनंतर आणि सकाळी दहाच्या आधी पाहुण्यांनी तिथे फिरायचं नाही, फिरलं तर दंड. आपल्याकडे असला नियम करा म्हणून मीच सांगते सगळ्यांना.

मावशी: सकाळी दहाच्या आधी नाही? मग तुझा वॉक कधी निघेल? तू तर आठलाच माझ्या खिडकीखाली.

भाची: ऊन होतं गो दहानंतर.

मावशी हसली. मग तिनंच एक आठवण काढली, आणि ती तिच्या बाजूची नव्हती. काही वर्षांपूर्वी गोवा हेरिटेज ॲक्शन ग्रुपनं फोंताईन्हासमध्ये कला महोत्सव केला होता. लोकांनी आपल्या बैठकीच्या खोल्या उघडून दिल्या, भिंतींवर चित्रं लागली, पाहुणे सरळ घरात आले. समोरच्या घरी मावशी स्वतः संध्याकाळभर दाराशी बसली होती, कुणी आत चपला घालून जाऊ नये म्हणून. ते चाललं, ती म्हणाली.

भाची: का चाललं? तेव्हा तर लोक थेट घरात आले. माझे लोक रस्त्यावरच थांबतात, तरी तुला त्रास.

मावशी: त्यांना आम्ही बोलावलं होतं. पायऱ्या आधी धुतल्या होत्या. आणि आत आल्यावर त्यांना माझ्याशी बोलावं लागलं. खालून बघणाऱ्याला बोलावं लागत नाही.

भाची: आणि मळ्यात? मळ्यात माझ्याच घरासमोरून मी कुणाला नेत नाही. मारुतीगडाची जत्रा असली तर काही जण येतात, तेही रोषणाई बघायला. आमचीही घरं जुनीच आहेत, पण रंग उडालेले, वर पत्रे चढलेले. लोकांना ती 'गोव्यासारखी' वाटत नाहीत. मला तेच खुपतं. दोनशे पावलांवर पाहुणे संपतात.

मावशी: मग वॉक तिथून सुरू कर.

भाची: पहिल्याच दिवशी पैसे परत मागतील.

मावशी: मागू देत. एक मळ्यातलं घर, मग हे घर. आधी बाहेरून, मग ओल.

भाची: ओल दाखवायला तू वर येऊ देणार आहेस?

मावशी: वर नाही. वर कुणी यायचं नाही. मी खिडकीत येईन. पाच मिनिटं बोलेन. ३१ जानेवारीचं मी सांगेन, ते तू बोलू नकोस, तुझं पुन्हा स्पेन होईल. मग वासा दाखवीन, खालूनच दिसतो, काळा पडलाय तो. सात वारसांचं सांगेन. माणसं आठांपेक्षा जास्त नकोत.

भाची: आठांत मला परवडत नाही. चॅपेलला देणगी, माझा वेळ, वर नाश्ता. निदान बारा.

मावशी: दहा. रविवारी मिसा सुटायच्या वेळेला नाही. आणि साडेआठच्या आधी नाही.

भाची: आणि फोटो?

मावशी: माझा काढायचा तर आधी नाव सांगायचं. स्वतःचं. गाव कुठलं तेही. मी वरून विचारणार.

भाची: बरं. आणि तुझा मोबदला किती लावू?

मावशी: पैसे मला नकोत, त्याचं काय करायचं मी सांगते. कौलं चाळायला माणूस शोध. मालकाची सही लागत नाही त्याला, फुटकं कौल बदलणं म्हणजे काही मोठी दुरुस्ती नव्हे. माणूस मिळाला की तुझे पैसे त्याला.

भाची: ठरलं. पण एक आधीच सांगून ठेवते. पाच मिनिटं तू बोलायला लागलीस की अर्धा तास जाईल, आणि त्यातला एखादा नक्की विचारील, आजी, बाथरूम वापरू का?

मावशी: त्याला सांग, महापालिकेला विचार. ३१ जानेवारी रस्त्यावर फिरणाऱ्यांसाठी ती एक संडास बांधत नाही आणि दारं माझी वाजतात. हेही माझ्या पाच मिनिटांत घाल.